नऊ उघड्या फ्रिजांचं लग्न

आधीच सांगून ठेवतो, यातलं एक अक्षरही तुम्हाला खरं वाटणार नाही. भुसावळात, मे महिन्यात, भर दुपारी मी एक अख्खं लग्न शिजवलं होतं. चूल नाही, सरपण नाही, रॉकेल नाही. नुसते नऊ फ्रिज. नऊही चालू, आणि नऊही सताड उघडे.

हसा, हसा. नाहीतरी लाइट गेलीय, पंखा बंद आहे, तुमच्या हेमलता मॅडमच्या निवृत्तीचं जेवण पोटात आहे आणि मॅडम आत ताक घुसळतायत. ताक होईपर्यंत मला वेळ आहे. ही गोष्ट मी साऱ्या गावाला सांगितली, फक्त तिच्यासमोर कधी सांगितली नाही. कारण ज्या लग्नाबद्दल बोलतोय ते तिचंच. तुम्ही तिचे विद्यार्थी, मी तिचा सख्खा मामा, ओंकार झोपे, वय वर्षं सत्त्याहत्तर. उष्णतेचे ते चार नियम ती तुम्हाला दोन वर्षं शिकवत होती म्हणे. मला ते एका दुपारी कळले, तेही मुठीत अक्षता धरून.

साल पंच्याहत्तर. स्टेशनच्या मागे माझं फ्रिज दुरुस्तीचं दुकान होतं. त्याआधी बारा वर्षं मी बर्फाच्या कारखान्यात कॉम्प्रेसर चालवला. दुकान केवढं, तर दहा बाय बारा. त्यात सहा फ्रिज दुरुस्तीला आलेले, एक माझा स्वतःचा, आणि मधल्या जागेत मी आडवा चालायचो.

एप्रिल संपत आलेला. मी उघडाच बसून एका फ्रिजचं रबर बदलत होतो, तेवढ्यात दारात वायकोळेसाहेब. हेमलताचे होणारे सासरे. माझी धांदल उडाली. दुरुस्तीला आलेल्या डॉक्टरांच्या फ्रिजमागे काळ्या जाळीवर नेहमीसारखा धुतलेला बनियन वाळत घातला होता, तो ओढून अंगात चढवला आणि स्टूल पुसून दिलं.

वायकोळेसाहेब रेल्वेत हेडक्लार्क होते. नोकरीत एकदाच, कुठल्यातरी मोठ्या साहेबाच्या फायली सांभाळायला, त्यांना एअरकंडिशन सलूनमधून, म्हणजे साहेबलोकांच्या खास डब्यातून, इगतपुरीपर्यंत जायला मिळालं होतं. ते परत आले ते कायमचे बिघडूनच. तेव्हापासून त्यांना घाम हा वैयक्तिक अपमान वाटायचा.

"झोपे, हॉल कोणता ठरला?"

"श्रीकृपा कार्यालय, साहेब. ऐसपैस आहे. छत पत्र्याचं आहे, पण—"

"पत्र्याचं? चौदा मेला?"

"चार कूलर लावतो की."

"कूलर नको. दमट हवेनं सुधाकरचं नाक चोंदतं. मला कोरडी थंडी पाहिजे. सलूनमधल्यासारखी. तुम्ही मशीनची माणसं ना? मग दाखवा काहीतरी. आमचे पाहुणे नागपूरपासून येणार आहेत. तिथेही उकडतं, मग इथे येऊन त्यांना नवीन काय?"

"बघतो, साहेब."

"आणि हो." ते उठता उठता थांबले. "त्या परीक्षेचं डोक्यातून काढायला सांगा मुलीला. सतराला प्रॅक्टिकल म्हणे. पंधराला आमच्याकडे पूजा, सोळाला गोंधळ, आणि सतराला आमची सून जळगावला जाऊन बाटल्या हलवणार?"

"बाटल्या केमिस्ट्रीत असतात, साहेब. तिचं फिजिक्स."

"जे असेल ते. बी.एस्सी. झाल्यावर भाकरी काय जास्त फुगते?"

"साखरपुड्यात तर तुम्ही म्हणाला होतात, परीक्षा देऊ दे म्हणून."

"साखरपुड्यात माणूस बरंच बोलतो, झोपे," असं म्हणून ते गेले.

आता यात माझी अडचण समजून घ्या. हे स्थळ मीच आणलं होतं. मुलगा सुधाकर गरीब स्वभावाचा, शिकलेला, म्हटलं चांगलं आहे. सासऱ्याची परीक्षा कोण घेतो? आणि मध्यस्थानंच लग्न मोडलं, तर आमच्या समाजात त्याच्या घरचं पाणी कुणी पीत नाही, हे एक. दुसरं, मुलीकडच्यांनी मोडलं तर मुलीच्या पाठच्या बहिणींना स्थळ येत नाही. हेमलताच्या पाठीवर दोघी होत्या. तिचे वडील, म्हणजे माझे दाजी, मला स्पष्ट म्हणाले, "ओंकार, त्यांनी हत्ती मागितला तरी आणायचा. आपल्या बाजूनं 'नाही' हा शब्द निघता कामा नये."

संध्याकाळी हेमलता दुकानात आली. रोज पॅसेंजरनं जळगावहून परतली की ती माझ्याकडे दहा मिनिटं टेकायची, माठातलं पाणी प्यायची आणि घरी जायची. लेखी परीक्षा झाली होती, नुसतं प्रॅक्टिकल राहिलं होतं.

"मामा, ते आले होते ना? काय म्हणाले?"

मी सांगितलं. तिनं हातातलं फुलपात्र माठावर पालथं घातलं. रडली नाही. रडली असती तर बरं झालं असतं, मला रागवायला जागा मिळाली असती.

"तीन वर्षं पहाटे उठून गाडी पकडली, मामा. मला आता एक दिवस पाहिजे. एकच. सतरा तारीख. त्यानंतर काय वाटेल ते करायला सांगा, भाकऱ्या थापते, धुणी धुते. तो एक दिवस गेला तर तिन्ही वर्षं गेली. तुम्ही बोला ना."

"बघतो."

"तुम्ही नेहमी बघतोच म्हणता."

खरं होतं. म्हणून मी दोन दिवस नुसतं बघितलं. आणि तिसऱ्या दिवशी मला, देवाच्या कृपेनं, अक्कल सुचली. फ्रिज उघडला की तोंडाला गार लागतं की नाही? एक उघडल्यावर तोंडाला लागतं, मग नऊ उघडले तर हॉलला लागणारच. साहेबांना इगतपुरी आठवेल, ते विरघळतील, आणि मी हळूच सतरा तारीख मागून घेईन. इतकं साधं.

मला खरंच माहीत नव्हतं हो. बर्फाच्या कारखान्यात बारा वर्षं आणि दुकानात पाच वर्षं काढली, पण हे गरम-गार असं का होतं, त्याच्या खोलात मी कधी गेलोच नाही. माझं काम पान्या-पक्कडीचं.

मी उठून वायकोळेसाहेबांच्या घरी गेलो. म्हटलं, "साहेब, काळजी मिटली. नऊ मशीन लावतो. फक्त एक विनंती. वऱ्हाडाला गरम कपडे आणायला सांगा. तुम्ही स्वतः कोट घाला. म्हाताऱ्यांना कानटोप्या. उगाच कुणाला सर्दी झाली तर मला बोल लागेल."

साहेबांचा चेहरा असा फुलला, जणू त्यांना सून नाही, हिवाळा मिळणार होता. म्हणाले, "लोकरीचा थ्री-पीस आहे माझा. सलूनमध्ये घातला होता."

"तोच," मी म्हटलं.

चौदा मे. दुरुस्तीचे सहा, माझा एक, रुखवतात द्यायचा नवा एक, आणि औषधवाल्याकडून उसना आणलेला एक, असे नऊ फ्रिज मी सकाळी हॉलच्या भिंतींना उभे केले. खांबावरून वेगळी वायर ओढली. मग खिडक्या. गार हवा बाहेर जायला नको म्हणून एकूण एक खिडकी लावून घेतली, आणि फटींमध्ये जुनी वर्तमानपत्रं कोंबली. कामात मी कधी हयगय केलेली नाही.

नवरीच्या खोलीत डोकावलो. हळदीनं पिवळी झालेली हेमलता पाटावर बसली होती, आणि तिची आई, म्हणजे माझी अक्का, तिच्या कपाळाला मुंडावळ्या बांधत होती.

"मामा, फ्रिज उघडे ठेवणार म्हणे?"

"मग? बंद फ्रिजनं हॉल गार होतो का?"

"उघड्यानंही होत नाही!" ती उसळलीच. "अहो, फ्रिज थंडी तयार करत नाही. थंडी म्हणून काही वस्तूच नाही. तो फक्त आतली उष्णता उचलतो आणि पाठीमागे नेऊन टाकतो. पाठ त्याच खोलीत असली, तर पुढून उचललेली पाठीमागून परत खोलीतच. वर मोटरीची स्वतःची उष्णता निराळी. खोली गार नाही होणार, तापेल!"

"हलू नकोस, गाठ सुटते," अक्का म्हणाली.

"आई, थांब गं. मामा, नियमच आहे तो. काहीही फुकट मिळत नाही, हा पहिला. आणि उष्णता आपण होऊन गारातून गरमात जात नाही, हा दुसरा. तिला ढकलावं लागतं, आणि ढकलणारा तापतो. कुठे गारवा पाहिजे असेल, तर कुणाच्या तरी पाठीला चटका बसतोच. आणि खिडक्या बंद केल्यात? बसलेला माणूस शंभर वॉटच्या दिव्याइतका तापतो. तीनशे माणसं म्हणजे तीनशे दिवे!"

"माय वं!" अक्का म्हणाली. "लग्नात दिवे लागलेले चांगलेच की."

"आई!"

"पोरी," मी म्हटलं, "तू आज नवरी आहेस. नवरीनं बोलायचं नसतं."

"नवरी झाले म्हणून नियम बदलतो का?"

तेवढ्यात वाजंत्री वाजली. मी म्हटलं, पुस्तकातलं असेल काहीतरी, आणि बाहेर आलो.

मुहूर्त बारा पस्तीसचा. सव्वाअकराला वऱ्हाड आलं, आणि भुसावळच्या रस्त्यावर असं दृश्य त्याआधी कुणी पाहिलं नाही, त्यानंतरही नाही. बाहेर बूट डांबराला चिकटताहेत, आणि हे लोक लोकरीचे कोट, स्वेटर, मफलर, शाली घालून येताहेत. एक म्हातारे आजोबा कानटोपीत. पुढे वायकोळेसाहेब. काळ्या थ्री-पीसमध्ये, मिशीला ताजा कलप, हातात रेल्वेचा भलामोठा थर्मामीटर. पुराव्याला पाहिजे म्हणाले. तो त्यांनी मांडवाच्या खांबाला टांगला. बेचाळीस.

"चालू करा, झोपे!"

मी नऊ दारं उघडली. फ्रिजांमधून पांढरा धूर लोळला. 'अहाहा' झालं. तीनशे माणसं नऊ फ्रिजांसमोर दाटली, जणू प्रसादाच्या रांगा. साहेबांनी डोळे मिटले आणि म्हणाले, "इगतपुरी."

हे चाललं पाच मिनिटं.

मग खांबाजवळून कुणीतरी ओरडलं, "त्रेचाळीस." साहेब म्हणाले, "मशीन आधी गरम होतं, मग थंड करतं. सलूनमध्येही तसंच होतं." दहा मिनिटांनी पंचेचाळीस. सुधाकर बाशिंगाआडून म्हणाला, "बाबा, एक खिडकी उघडू या का?"

"गप्प बस. एसीत खिडकी उघडतात का? झोपे, सांगा याला."

"साहेब म्हणतात ते बरोबर आहे," मी म्हटलं. मोठ्या माणसाचा शब्द कसा मोडायचा?

बारा वाजता सत्तेचाळीस. आता इथून पुढचं तुम्हाला पटणार नाही, पण मी डोळ्यांनी पाहिलं. रुखवताच्या टेबलावर उडदाच्या पापडांची चळत होती. ती आपोआप भाजली गेली. वरून खाली, एकेक पापड, टर्रकन. लाडूंचा पाक सुटला आणि सगळे लाडू मिळून एकच लाडू झाला. गुलाबदाणीतून वाफ यायला लागली. सनईवाल्याची सनई ताणली जाऊन सूर इतका खाली उतरला की लोकांना वाटलं गाडी आली. दोघं तर पिशव्या घेऊन उठलेसुद्धा. पारा पंचावन्नला टेकला, आणि पुढे आकडे नाहीत म्हणून तिथेच फेऱ्या मारत बसला.

आणि एक चमत्कार झाला. तोपर्यंत वरपक्ष उजवीकडे, वधूपक्ष डावीकडे, मधे सतरंजीची पट्टी, असा थाट होता. साडेबारापर्यंत पट्टी नाहीशी. कोण कुणाच्या खांद्यावर डोकं टाकून पडलंय, पत्ता नाही. खुर्ची, माणूस, लाडू, भटजी, ज्याला हात लावावा तो सारखाच गरम. दोन्ही पक्ष एका तापमानाला आले. याला तुम्ही शून्यावा नियम म्हणता म्हणे. शोधणाऱ्याला आमच्याकडे बोलवायला हवं होतं, प्रयोगशाळेचा खर्च वाचला असता.

दाजी माझ्याजवळ आले. त्यांचा सदरा पिळून निघत होता. "ओंकार, काय केलंस हे?"

"गार करतोय, दाजी. अजून दोन फ्रिज मिळाले असते तर—"

"गप!"

भटजींनी अंतरपाट मागितला. दोघांनी दोन टोकं धरली. एकीकडे सुधाकर, दुसरीकडे हेमलता. ती अंतरपाटावरून माझ्याकडे बघत होती, आणि तिची नजर म्हणत होती, सांगितलं होतं ना. भटजींनी तोंड उघडलं, आणि त्याच क्षणी वायकोळेसाहेबांच्या मिशीवरून कलप सुटला. काळे ओघळ ओठांवरून हनुवटीवर, हनुवटीवरून पांढऱ्या शर्टावर. मिशी पांढरीशुभ्र. समोर नागपूरचे पाहुणे. कुणीतरी हसलं. मग सगळे हसले. उकाड्यानं अर्धमेले झालेले लोकही पडल्यापडल्या हसले.

साहेबांनी रुमाल लावला, रुमाल पाहिला आणि ते ताडकन उभे राहिले.

"अपमान! हे लग्न होणार नाही! सुधाकर, चल!"

"बाबा, मुहूर्त—"

"चल म्हणतो!"

अक्का किंचाळली. दाजींनी माझा दंड धरला. आता आमच्याकडची रीत ऐका. वरपक्ष रुसला तर रुसवा काढायचा मान मामाचा. मामानं डोक्यावरची टोपी काढून व्याह्याच्या पायावर ठेवायची. ती ठेवली की व्याह्यानं कितीही राग असला तरी उठवायचं, गळाभेट घ्यायची, विषय संपला. मी माझ्या हयातीत पाहिलेला एकही रुसवा टोपीनंतर टिकला नाही. सगळा हॉल माझ्याकडे बघायला लागला. मारामाऱ्या झाल्यात तिथे टोपीनं काम केलंय, मग एका मिशीची काय कथा?

"ओंकार, टोपी!" दाजी म्हणाले. "काढ टोपी, ठेव पायावर!"

मी टोपीला हात घातला, मंडळी. ती निघेना. घामानं आणि तेलानं डोक्याला अशी चिकटली, जशी टाकीला पत्र्याची झाकणी झाळून डाग दिल्यावर चिकटते. एका हातानं ओढली, दोन्ही हातांनी ओढली. कान लाल झाले, टोपी हलली नाही. साहेब दारापर्यंत पोचले, मी ओढतोय. वऱ्हाड रस्त्यावर गेलं, कोट काखेत घेऊन, मी ओढतोच आहे. टांग्यांचा आवाज आला. मग टोपी आपसूक हातात आली.

सुधाकर जाताना वळला होता. हेमलताला म्हणाला, "तुमचं प्रॅक्टिकल चांगलं होवो." खरंच गरीब मुलगा.

मग हॉलमध्ये काय उरलं? वितळलेला लाडू, भाजलेले पापड आणि घुर्रर्र करणारे नऊ फ्रिज. हेमलता उठली, मुंडावळ्या सोडल्या, आणि एकेक करून नऊही फ्रिजांची दारं लावली. मग खिडक्यांच्या फटींतली वर्तमानपत्रं ओढून काढली. कुणाशी बोलली नाही.

दाजी मात्र बोलले. जे बोलले ते इथे सांगण्यासारखं नाही, आणि त्यानंतर अकरा वर्षं बोलले नाहीत. पण एक झालं. 'नाही' हा शब्द वरपक्षाच्या बाजूनं निघाला, आपल्या बाजूनं नाही. मुलीकडचे निर्दोष, दोष सगळा एका मूर्ख मामाचा. पाठच्या दोघींची लग्नं वेळेवर झाली. दोन्ही लग्नांत मला आमंत्रण होतं, अट एवढीच की मी एकाही यंत्राला हात लावायचा नाही.

माझं नाव पडलं 'फ्रिजमामा'. दुकानावरून जाणारी माणसं ओरडायची, "मामा, आज काय शिजवताय?" डॉक्टरांनी फ्रिज परत नेला, तोही न दुरुस्त करता. ज्याला फ्रिज गरम करतो का गार हे कळत नाही, त्याच्याकडे दुरुस्तीला कोण देणार? दोन उन्हाळे मी दुकानात बसून माश्या मोजल्या. मग बर्फाच्या कारखान्यात परत गेलो.

सतरा तारखेला हेमलताला जळगावला न्यायला घरचं कुणी तयार नव्हतं. मोडलेल्या लग्नाची मुलगी तीन दिवसांत गाडीत बसलेली लोकांना दिसू नये, असं अक्काचं म्हणणं. मग मी गेलो. माझी अब्रू नाहीतरी शिल्लक नव्हती, तिच्यासाठी डब्यात भरपूर जागा झाली. कॉलेजच्या फाटकाबाहेर चार तास उभा राहिलो. प्रयोग कोणता निघाला, सांगू? पाण्यात वीज सोडून पाणी किती तापतं ते मोजायचा. साठपैकी अठ्ठावन्न. परीक्षकानं विचारलं म्हणे, सराव कुठे केलास? ती म्हणाली, श्रीकृपा कार्यालयात. आता हे मी जोडतोय की तिनं सांगितलं होतं, ते आठवत नाही.

परतीच्या गाडीत ती खिडकीशी बसली होती. तीन दिवसांत पहिल्यांदा हसली. म्हणाली, "मामा, तुम्ही किती हो वेडे! आता तरी नियम कळला का?"

"कळला."

"सांगा बरं."

"फ्रिजचं दार उघडं ठेवायचं नाही."

ती हसत हसत रडायला लागली, आणि भुसावळ येईपर्यंत तिचं तेच चाललं होतं. पुढे एम.एस्सी. झाली, कॉलेजात लागली, आणि लग्न केलं ते आपल्या मर्जीनं, तुमच्या केमिस्ट्रीच्या सरांशी. डिसेंबरात.

तर असं आहे. तिसरा नियम राहिला, तोही सांगतो. गारव्याला तळ असतो, पण त्या तळापर्यंत कुणी पोचत नाही. नेहमी थोडं उरतंच. मीही म्हणूनच माझ्या मूर्खपणाच्या तळापर्यंत कधी पोचलो नाही. इतकी वर्षं लोक विचारतात, मामा, कसं हो कळलं नाही तुम्हाला? मी सांगतो, बाबांनो, खरंच माहीत नव्हतं. कसलं शास्त्र आणि कसलं काय. पान्या-पक्कडीचा माणूस मी, उघडा फ्रिज बघितला की मला गारच—

कोण? ये, ये. किती वेळ उभी आहेस दारात? ताक दे पोरांना, हातात कशाला धरून ठेवलंयस?

"मामा, कोट घालून या असं त्यांना तुम्ही सांगितलं होतं?"

सर्दी होऊ नये म्हणून, बाई.

"आणि फटींत वर्तमानपत्रंही तुम्हीच."

गार हवा जाऊ नये म्हणून. तू ताक दे ना.

"पापड भाजले ते खोटं. पंचावन्न डिग्री खोटं. टोपी डोक्याला चिकटली, हेही राहू दे. सगळं गाव चाळीस वर्षं तुम्हाला हसलं, आणि मीही हसले, गाडीत, तोंडावर." तिनं ताकाचा तांब्या खाली ठेवला. "आता एकच सांगा, मामा. मी रोज संध्याकाळी दुकानात यायचे तेव्हा तुम्ही धुतलेला बनियन कुठे वाळत घातलेला असायचा?"